धरमसिंगची चाळणी

बबलूने नळी उघडली ती मोबाइलकडे बघत. नळीवर काय लिहिलंय ते वाचायचं सोडून स्टेटसला टाकायला स्वतःचाच व्हिडिओ काढत होता. पळसतांड्याच्या कडुनिंबाखाली हे झालं, आणि पुढचा सगळा घोळ तिथूनच निघाला.

कंपनीच्या त्या नळ्यांत जिते विचार असायचे. जिऱ्याएवढा करडा जीव. बूच काढलं की तो श्वासासोबत माणसात शिरायचा आणि माणूस बोलला की दुसऱ्यात. बोलणं हाच त्याचा चारा. पुरेशा डोक्यांत रुजला की जगालाही मुकाट्याने तसंच वागावं लागायचं. राळेगावकडे एका थांब्यावर 'इथे लोक रांगेत चढतात' हा विचार सोडला, तर लोक रांगेत चढू लागलेच, वर एसटीचं दारही नेमकं रांगेसमोर येऊन थांबू लागलं.

बबलू घाटंजीत कॉलेजपर्यंत शिकलेला, म्हणून कंपनीने त्याला नळ्या उघडायला ठेवलं होतं. एवढ्या शिक्षणाला एवढं काम पुरेसं होतं. स्वतःच्या तांड्यात त्याला सोडायचा होता 'इथली बोअर आटत नाही'. सुटला तो 'इथे कुणी राहत नाही'. तो म्हणे रिकाम्या प्लॉटांसाठी होता.

समोरच ओट्यावर बबलूचा काका धरमसिंग बसला होता. त्याने आधीच दुपट्टा नाकाला लावला होता.

धरमसिंगचा कशावरच भरवसा नसे. जिनिंगवर कापूस मोजायच्या आधी तो स्वतः काट्यावर चढायचा. "माह्यं वजन मले ठाऊक हाय. काट्याले हाय का, ते पाहू." पेरणीआधी शंभर दाणे ओल्या पोत्यात गुंडाळून किती उगवतात ते सगळेच मोजतात, पण धरमसिंग बातम्यांचंही तेच करायचा. कुणी काही सांगितलं की म्हणायचा, "पोत्यात घालू. आठ दिवसांनं पाहू." स्वतःचं लग्न ठरल्याची खबरही त्याने आठ दिवस पोत्यात ठेवली होती, हे त्याची बायको सुखीबाई अजून सुनावते. उसनं मात्र तो कुणालाही द्यायचा. फक्त विळा देताना दाते मोजून द्यायचा, आणि दिलेलं कधी विसरायचा नाही.

दुसऱ्या दिवशी घाटंजीची बस तांड्यावर न थांबता गेली. तिसऱ्या दिवशी फाट्यावरची पाटी कोरी झाली. चौथ्या दिवशी बबलूची बहीण संगीता कळशी घेऊन स्वतःच्याच दारात उभी राहिली आणि म्हणाली, "दादा, हे कोनाचं घर हाय?" मागची भिंत इतकी विरळ झाली होती की पलीकडची तूर दिसत होती.

बबलूने घाबरून कंपनीला फोन लावला. पलीकडची बाई मधाळ आवाजात म्हणाली, "सर, त्या लोकेशनला कुणी राहतच नाही."

तो धावत काकाकडे गेला. "काका, माही चूक झाली. अन् आता मलेबी वाटून राह्यलं, आपून इथं कधी राहतच नोहतो."

"तुले वाटून राह्यलं, का तुले वाटवलं?" धरमसिंगने सुपारी कातरत विचारलं. "रिकामी जागा म्हणे! रिकामी हाय हे ठरोवते कोन? थे नळी तुह्या बॅगेत घातली कोनं?"

बॅग बबलूने भरली नव्हती; ती कंपनीतून भरूनच आली होती.

"मंग आता काय करता?"

"काय करतो? माही उसनवारी मांगतो."

बस थांबत नव्हती, म्हणून दोघं पायीच घाटंजीच्या बाजारात गेले. मिरची विकणाऱ्या देवीलालसमोर धरमसिंग उभा राहिला. "माही चाळनी?"

देवीलाल अनोळखी माणसाकडे बघावं तसं बघत राहिला. मग त्याच्या कपाळावर आठी चढली. "काय बे धरमसिंग! दोन वर्सं झाले, अजून चाळनीच धरून बसला? पळून चाललो का मी?"

"पोचवाची कुठं हाय, माहीत हाय ना?"

"पळसतांड्यावर, अजून कुठं! तुह्या सासऱ्याच्या घरी का?"

एवढं बोलून देवीलालला मोठी शिंक आली. करडा जिऱ्याएवढा जीव तिखटाच्या ढिगात पडला आणि जागीच आक्रसला.

मग पाळी आली कमलाकररावांची. रिटायर झालेले कारकून, भाजीची पिशवी धरून उभे. धरमसिंगने छत्रीचं नाव काढताच त्यांच्या पत्नी रत्नप्रभाबाई नवऱ्यावर उखडल्या. "मी म्हणत नव्हते, तो पळसतांड्याहून एक दिवस येईल म्हणून? चारचौघांत शोभा करून घेतलीत!"

शेरभर जवसापासून कुदळीच्या दांड्यापर्यंत धरमसिंगने सगळं मागितलं. मिळालं काहीच नाही. पण दुपार कलेपर्यंत अर्धा बाजार 'त्या पळसतांड्याच्या धरमसिंग'च्या नावाने कुरकुरत होता. बबलूने तेव्हा मनात नोंद केली : कंपनीचा विचार श्वासाने पसरतो, कुरकुर त्याच्याहून लवकर.

परतीच्या बसमध्ये कंडक्टर ओरडला, "पळसतांडा! कोन उतरते?" संगीता दारात वाट बघत होती. भिंतीतून तूर दिसत नव्हती. "दिवसभर कुठं गेलते? पानी काय मीच भरू?" तिने बबलूला झापलं, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्याला ते गोड लागलं.

पुढच्या आठवड्यात देवीलाल स्वतः चाळणी घेऊन तांड्यावर आला. धरमसिंगने ती उन्हात धरून एकेक छिद्र तपासलं आणि परत त्याच्या हातात दिली.

"ठेव तुह्याजवळच."

"अबे, वापस कराले आलो ना मी!"

"मांगाले मी येईन. तवर ध्यानात ठेव, कुठं पोचवाची हाय थे."

देवीलाल शिव्या देत गेला. मग बबलूने मागे लपवलेला सायकलचा पंप हळूच पुढे केला. तो त्याने दिवाळीत काकाकडून उसना नेला होता.

"हाबी राहू दे तुह्यापाशी," धरमसिंग म्हणाला.

"काहून? मी तर घरचाच हाय, काका."

"तुह्या कंपनीनं थे रिकामी नळी वापस मांगितली का?"

"नाई."

"झालेल्या चुकीचं काई इचारलं?"

"नाई."

"मंग थे चूक कशी? पुन्हा धाडतीन." धरमसिंगने दुपट्टा नाकापर्यंत ओढला आणि रस्त्याकडे बघत बसला.

पंप अजून बबलूच्या खाटेखाली आहे.