जेसीबी मागे घ्या

रस्ता रुंद करायला न्हाव्याचं दुकान पाडणार होते, आणि बाईंच्या कॅमेऱ्याची बॅटरी नेमकी तेव्हाच मेली. दुसरी? ती ऑफिसात चार्जिंगला लावून तिथेच विसरून आला होता त्यांचा शहाणा कॅमेरामन.

बाई दर आठवड्याला टीव्हीवर या बदलत्या शहरातली साधी माणसं दाखवायच्या. शिंपी, भाजीवाल्या, नव्या इमारतींचे रखवालदार. त्यांचा हेका एकच. माणूस जगतो तसाच टिपायचा, त्याला 'इथे उभे राहा' म्हणायचं नाही. यावरून निर्मात्याशी कितीदा वाजलं, पण बाई बधल्या नाहीत.

आज त्या न्हाव्याला टिपायला आल्या होत्या. म्हाताऱ्या न्हाव्याला त्याच्या खुर्चीसकट समोरच्या फुटपाथवर आणून बसवलं होतं. कोर्टाने पाडकामाला स्थगिती दिली होती. तो कागद घेऊन त्याची लेक निघालीही होती, पण वाटेत गर्दीत अडकली. पाडकामावर आलेल्या पालिकेच्या साहेबाला कागद हातात हवा, फोनवरचं बोलणं चालेना. जेसीबी दाराशी येऊन नुसता घुरघुरत उभा. ड्रायव्हर कॅमेऱ्याला बिचकलाय, असा बाईंचा समज. म्हणून त्या मेलेल्या कॅमेऱ्याला डोळा लावून राहिल्या.

एवढ्यात ड्रायव्हर खाली उतरला. केसांवरून कंगवा फिरवत म्हणाला, "ताई, तोंड नीट येतंय ना माझं? तुमची तयारी झाली की सांगा. तेवढ्यासाठीच थांबलोय."

घ्या! हा कसला बिचकतोय? कॅमेरा बंद आहे म्हणावं, तर गडी क्षणात भिंत आडवी करणार. चालू आहे म्हणावं, तरी तेच.

"उजेड बरोबर नाही," त्या म्हणाल्या. "जेसीबी मागे घ्या जरा."

त्याने घेतला.

"आता सावकाश पुढे. थांबा. मान वर ठेवा. छे, जमलं नाही, पुन्हा मागे."

जन्मात कुणाला मान वर करायला न सांगितलेली बाई ती! कॅमेरामन तोंडाचा आ करून बघत राहिला. फुटपाथवरून म्हातारा करवादला, "पाडायचं तर पाडा एकदाचं, असे हाल कशाला करता?" बाईंनी पुन्हा 'मागे' म्हणून हात हलवला.

"बाई, पुरे," साहेब म्हणाला. "हा शेवटचा."

जेसीबी पुढे आला. त्याचे दात दुकानाच्या पाटीला टेकले, पाटी कडाडली, आणि लेक धापा टाकत मध्ये घुसली. साहेबाने कागद वाचला, तोंड वाकडं केलं, इंजिन बंद करायला लावलं. म्हातारा खुर्चीतच हमसून हमसून रडू लागला.

ड्रायव्हर मात्र खुशीत त्यांच्याकडे आला. "ताई, कधी लागणार हो?"

बाई कॅमेरा उतरवू लागल्या. तोवर त्याने घरी फोन लावलाही होता. "आई, झालं बरं का. किती वेळा घेतलं माझं! सगळ्यांना सांगून ठेव."

बाई मान खाली घालून वायरी गुंडाळत राहिल्या.