अर्ध्या दिवसाचं मस्कत

आई मस्कतला आली ती माझ्या बाळंतपणासाठी. नव्वदीच्या दशकाचा मध्य असेल. सीबच्या विमानतळावर कस्टमच्या माणसानं तिला डिंकाच्या लाडवांचा डबा उघडायला लावला, तेव्हा तिनं त्याला सरळ मराठीत सांगितलं, "लेकीच्या बाळंतपणाचे आहेत, घ्या एक." त्यानं खरंच एक उचलून खाल्ला. गाडीत बसल्यावर हे सांगताना तिला हसू आवरत नव्हतं.

दहा-बारा दिवसांनी माझं बाळ पोटातच गेलं. दिवस पूर्ण भरले होते. सकाळी उठले तर आत काही हलत नव्हतं. आईनं गूळपाणी प्यायला दिलं, कुशीवर निजवलं, पोटावर हात ठेवून बसली, आणि मग म्हणाली, "जावयांना फोन कर." हॉस्पिटलात डॉक्टरनं कान देऊन ऐकलं, मशीन लावलं, मशीन बंद केलं. त्यानंतर कळा आणून सगळं रीतसर व्हायचं ते झालंच. मुलगी होती. केरळची एक नर्स होती, ती म्हणाली, "एकदा बघा, नाहीतर नंतर वाटत राहील." मी बघितलं. डोकं भरून काळे केस होते.

एवढ्या लहानग्यांना आपल्यात जाळत नाहीत, पुरतात. नवरा आणि त्याच्या ऑफिसातले दोघे जण तिला घेऊन गेले. नवरा गाला भागातल्या एका कंपनीत होता, एसीचे सुटे भाग विकणाऱ्या. त्याच्या अर्बाबानं, म्हणजे कंपनीच्या ओमानी मालकानं, स्वतःची गाडी आणि ड्रायव्हर दिला होता. दुपारी नवरा परत आला, अंघोळ केली आणि भिंतीकडे तोंड करून झोपला. कुठे नेलं, काय केलं, हे त्यानं सांगितलं नाही. मी विचारलं नाही. आईनं एकदा विचारलं, तर तो म्हणाला, "आई, ते राहू दे ना आता."

आईच्या तिकिटाची तारीख आधीच ठरलेली होती आणि ती अजून लांब होती. वादी अदाईच्या आमच्या दोन खोल्यांत आम्ही दोघी दिवसभर असायचो. आईनं बाळंतिणीचं सगळं केलं. अंगाला तेल लावलं, शेक दिला, ओटीपोटावर फडकं घट्ट बांधलं. मला दूध येत होतं. डॉक्टरनं ते थांबायला गोळ्या दिल्या होत्या, तरी येत होतं. छातीवर पट्टा बांधताना आई म्हणायची, "गावाला असतो तर मोगऱ्याची फुलं बांधली असती. इथे कुठून आणू?" मी खिडकीबाहेर बघत राहायची. समोर उघडाबोडका काळपट डोंगर होता. एरवीही तो मला आवडायचा नाही.

आमच्या खालच्या मजल्यावर रत्नागिरीकडच्या एक भाभी राहायच्या. त्या रोज काही ना काही घेऊन यायच्या. कधी तांदळाची भाकरी, कधी नारळाच्या रसातली भाजी. फार बोलायच्या नाहीत, बसायच्या. त्यांचे यजमान एका टूर कंपनीच्या ऑफिसात होते. परदेशी पाहुण्यांना अर्धा दिवस शहर दाखवून आणणारी मिनीबस असायची, त्यात दोन जागा रिकाम्या होत्या. भाभी आईला म्हणाल्या, "चाची, तुम्ही मस्कतात येवन फक्त हॉस्पिटल बघितलात. पोरीला घेवन जावा. वारा लागल तिला."

मला वाटलं आई नाही म्हणेल. बाळंतीण सव्वा महिना उंबरठा ओलांडत नाही, हे तिनंच मला सांगितलेलं होतं. पण रात्रीची भांडी विसळता विसळता ती म्हणाली, "जाऊ या आपण."

"अगं, पण सव्वा महिना?"

"ज्याच्यासाठी पाळायचा, ते कुठंय?" ती म्हणाली, आणि नळ मोठा केला.

गुरुवारी सकाळी नवऱ्यानं कामावर जाता जाता आम्हाला एका हॉटेलच्या दाराशी सोडलं. थंडीचे दिवस होते, म्हणजे तिथली थंडी. ऊन कोवळं आणि हवा कोरडी. आईनं तिची चांगली साडी नेसली होती आणि वर शाल घेतली होती. बसमध्ये सगळे गोरे, बहुतेक म्हातारे, टोप्या घातलेले, गळ्यात कॅमेरे. आमच्याकडे बघून ते आपुलकीनं हसले. गाइड ओमानी होता, पन्नाशीचा, अंगात पांढरी स्वच्छ दिशदाशा, म्हणजे तिथला पायघोळ झगा, आणि डोक्याला नक्षीची टोपी. आईची साडी बघून तो हिंदीत म्हणाला, "आइये अम्मा, आगे बैठिये." इतकी वर्षं मतराहच्या बाजारात गुजराती व्यापाऱ्यांकडे काम केलं, तिथे शिकलो, असं त्यानं नंतर सांगितलं.

बस निघाली. मी या शहरात तीन वर्षं राहिले होते, पण असं काचेतून, कुणीतरी माईकवर सांगतंय आणि आपण बघतोय, असं कधी पाहिलं नव्हतं. रुवीतल्या ज्या चौकात मी भाजी घ्यायची तोही त्याच्या तोंडून परक्या देशातला वाटला. पलीकडच्या बाकावरची एक म्हातारी माझ्याकडे वाकून इंग्रजीत म्हणाली, "आई आणि मुलगी? सुट्टीवर आलात का?"

मी हो म्हटलं.

"छान. आणि तुझी मुलं?"

"नाहीत," मी म्हटलं.

"वेळ आहे अजून," असं म्हणून तिनं माझ्या गुडघ्यावर थोपटलं.

आईनं विचारलं, "काय म्हणत होती?"

"इथल्याच का, विचारत होती."

आईला इंग्रजी येत नव्हतं, पण तिला कळलं होतं.

आधी जुन्या मस्कतला, सुलतानाच्या राजवाड्यापाशी थांबलो. निळे-सोनेरी खांब, समोर फरसबंदी, दोन्ही बाजूंच्या कड्यांवर पोर्तुगिजांच्या वेळचे किल्ले. सगळे फोटो काढायला पांगले. आम्ही मागच्या बाजूला धक्क्याजवळ गेलो. आई पाण्याकडे बघत उभी राहिली.

"आपल्या दापोलीचा तो हाच ना गं समुद्र?"

"हाच. पलीकडचा काठ."

"मग इतकं लांब का वाटतं?"

खाली पाण्यात छोटे मासे दगडाला चिकटून चिकटून फिरत होते. आम्ही तेच बघत राहिलो.

तिथून मतराह. समुद्राच्या कडेनं वळत जाणारा रस्ता, पांढरी जुनी घरं, बंदरात उभी जहाजं. गाइड मागे वळून माईकवर सांगत होता. लोबान म्हणजे काय, तो कुठल्या झाडाचा डिंक, कुठल्या डोंगरात मिळतो. मग म्हणाला, आमच्याकडे बाई बाळंत झाली की चाळीस दिवस घरात असते. घरात रोज लोबान जाळतात, बायका भेटायला येतात, कॉफी पितात, बाळाला बघतात. गोऱ्या बायका कौतुकानं "ओह" म्हणाल्या. मी समोरच्या सीटचं रेक्झिन बघत होते. आईला त्यातलं काही समजलं नव्हतं आणि मी तिला सांगितलं नाही.

बाजारात आत शिरलो. अरुंद बोळ, वर छप्पर, त्यामुळे दिवसासुद्धा दिवे. चांदीचे दागिने, खंजीर, शाली, अत्तरं, आणि सगळीकडे लोबानचा धूर. आई एका दुकानापाशी थांबून पितळी धूपदाणी हातात घेऊन बघत होती. तेवढ्यात मागून एक बाळ रडलं. काळा अबाया घातलेली एक तरुण बाई ते खांद्यावर घेऊन उभी होती. अगदी कोवळं, काही आठवड्यांचं असेल. भुकेचं रडणं होतं ते.

माझी छाती एकदम भरून आली आणि पट्ट्यातून, कुडत्यातून दूध वाहायला लागलं. मला थांबवता येईना. कुडत्यावर दोन मोठे ओले डाग पसरले. दुकानदार पोरगेलासा होता, त्यानं बघितलं आणि पटकन मान खाली घातली. मी ओढणी ओढून घेतली, पण ती जॉर्जेटची, ती काय झाकणार? आईनं वळून पाहिलं. धूपदाणी ठेवली, आपली शाल काढून माझ्याभोवती गुंडाळली आणि दंडाला धरून मला बोळातून बाहेर घेऊन आली. चालताना ती लोकांना "सरका, सरका" म्हणत होती, मराठीत.

बाहेर समुद्राकाठी बाक होते. आम्ही बसलो. रस्त्यावरून गाड्या जात होत्या, पाण्यावर सीगल ओरडत होते. मी रडत नव्हते. दूध मात्र येतच होतं; शालीलाही ओल लागली. आई माझ्या पाठीवर हात ठेवून बसली होती.

थोड्या वेळानं गाइड आम्हाला शोधत आला. हातात पाण्याची बाटली होती. "अम्मा, क्या हुआ? तबियत खराब?"

आई तिच्या मोडक्या हिंदीत म्हणाली, "इसका बच्चा गया. लडकी थी. अभी दो हफ्ता हुआ."

तो तसाच उभा राहिला. मग बाकाच्या टोकाला, आमच्यापासून अंतर ठेवून बसला. बसमध्ये आपण काय बोललो ते त्याला आठवलं असावं, कारण त्यानं टोपी काढली, पुन्हा घातली.

आईनं विचारलं, "भाईसाब, हमारे लोग का बच्चा लोग इधर कहाँ गाडते है? आप को मालूम है? आप की गाडी उधर जाएगी क्या?"

मी म्हटलं, "आई, काय हे!" पण तिनं माझ्याकडे पाहिलं नाही. ती त्याच्याकडेच बघत होती. तेव्हा मला कळलं की ती मस्कत बघायला निघालीच नव्हती.

"मुझे आपका वाला मालूम नहीं, अम्मा," तो म्हणाला. "और गाडी नहीं जा सकती. इनके घर का मर्द गया होगा, उसको पूछो." थोडं थांबून म्हणाला, "मेरा भी एक है. गाँव में. हमारे में पत्थर रखते हैं, नाम नहीं लिखते. मेरी बीवी को मालूम है कौनसा पत्थर. मैं भूल जाता हूँ."

लांबून कुणीतरी त्याला हाक मारली. गोरी मंडळी पिशव्या घेऊन बसपाशी जमली होती. तो उठला. हळूच म्हणाला, "यल्ला अम्मा, चलिये." परतीच्या वाटेवर त्यानं माईक घेतला नाही. शेवटी हॉटेलात सगळ्यांना कॉफी आणि खजूर दिला. ती म्हातारी मला विचारत होती की मी काय काय खरेदी केलं.

नवरा न्यायला आला तेव्हा गाडीत आई मागे बसली होती. वादी अदाईचं वळण आलं. मग आई म्हणाली, "जावईबापू, मी पुढच्या आठवड्यात जाणार. मला ती जागा बघायचीय. हिलाही."

त्यानं आरशात बघितलं. म्हणाला, "उद्या जाऊ."

शुक्रवारी सकाळी गेलो. डोंगरांच्या बेचक्यातली जमीन, तारेचं कुंपण, आत खडी आणि माती, मध्येच एखादं खुरटं काटेरी झाड. काही उंचवटे होते, काहींवर दगड मांडलेले. नवरा पुढे चालत होता. एका जागी थांबला, मग डावीकडे गेला, परत आला. मग कुंपणापर्यंत जाऊन वळला. आम्ही दोघी त्याच्या मागून चालत होतो. शेवटी तो थांबला.

"सापडत नाही," तो म्हणाला. "त्या दिवशी गाडी या बाजूनं आली होती का त्या बाजूनं, तेच आठवत नाही. मी वर बघितलंच नाही. इथल्या खणणाऱ्या माणसानं माती लोटली, हात झाडले, म्हणाला, खलास. आणि मी निघालो. मला वाटलं, खलास म्हणाला म्हणजे जायचं."

आई त्याच्याजवळ गेली. त्याच्याहून ती बरीच बुटकी. तिनं त्याचा हात धरला आणि म्हणाली, "बसा खाली." तो तिथेच खडीवर बसला आणि मोठ्यानं रडायला लागला. आईही त्याच्या शेजारी बसली. जावयाच्या अंगाला हात लावायची तिची रीत नव्हती, पण ती त्याच्या पाठीवरून हात फिरवत राहिली. मी उभी होते. मला बसवेना, टाके दुखत होते, आणि कुठे बसायचं तेही कळेना. पायाखाली कुठेही ती असू शकत होती.

"इथंच कुठंतरी आहे ना," आई म्हणाली. "बस झालं तेवढं."

ऊन चढलं तसे आम्ही निघालो.

आई परत गेली. जाताना विमानतळावर तिनं मला एवढंच सांगितलं, "त्याला विचारत जा अधूनमधून. तो आपणहून सांगणार नाही." बाळंतपणासाठी सोडलेली शाळेतली नोकरी मी पुन्हा धरली. तिसऱ्या वर्षी मुलगा झाला, पण त्या खेपेला मी सातव्या महिन्यातच दापोलीला गेले. तो शाळेत जाण्याइतका झाला, घरात माझ्याशी इंग्रजीत बोलायला लागला, आम्ही वादी अदाईहून मोठ्या घरात गेलो. त्या कुंपणाच्या जागी मी पुन्हा गेले नाही. नवरा जात असावा. एखाद्या शुक्रवारी गाडी धुवून आणतो म्हणून बाहेर पडायचा आणि परत यायचा तेव्हा गाडीवर धूळ तशीच असायची. विचारत जा म्हणाली होती आई, पण तेवढं एक मी विचारलं नाही.

दोन हजारनंतरच्या वर्षांत आमच्याकडे भारतातून पाहुणे फार यायला लागले. नणंद, चुलत दीर, नवऱ्याचे मित्र. सगळ्यांना मस्कत बघायचं असायचं. नवरा त्यांना गाडीत घालून राजवाडा, बंदर, नवी मोठी मशीद, बाजार, सगळं दाखवून आणायचा. मी म्हणायची, तुम्ही व्हा पुढे, मी जेवणाचं बघते.