सुभेदारसाहेबांची सही

फौजेतून निवृत्त झालेली दहा माणसं एका खोलीत बसली की किस्से जमवावे लागत नाहीत, आवरावे लागतात! भोसरीतल्या आमच्या माजी सैनिकांच्या मंडळात मी दर रविवारी सकाळी पेन्शनचे अर्ज भरून द्यायला बसते. अर्जांची वही अजून पहिलीच चालू आहे. किस्स्यांची तिसरी लागली.

मी परदेशात सरकारी जमाखर्च शिकले आणि एकच वेड घेऊन परत आले. सैनिकाला उद्या मिळणारी पेन्शन तो आज नोकरी करताना कमावत असतो. मग तो खर्च आजच्याच हिशेबात दिसायला हवा! तेवढी रक्कम दरवर्षी बाजूला पडली, तर पुढे कुणी पेन्शनला 'बोजा' म्हणणार नाही. आणि पेन्शनला लागणारी पंधरा वर्षं भरण्याआधी सुटलेल्या जवानालाही केलेल्या वर्षांच्या प्रमाणात काही मिळायला हवं. असं एक निवेदन मी लिहिलं.

मंडळाचा नियम कडक. सगळ्या सभासदांच्या सह्या असतील तरच कागद दिल्लीला जातो. सरकारने मागवलेल्या सूचना पाठवायची मुदत जवळ आली होती. सत्तावीस सह्या झाल्या, राहिली ती अध्यक्षांची, म्हणजे सुभेदारसाहेबांची.

"वाचल्याशिवाय सही नाही," साहेब म्हणाले, आणि तीन रविवार वाचत बसले!

* * *

निवेदनात पहिल्याच पानावर होतं, 'जवान साधारण अडतिसाव्या वर्षी निवृत्त होतो.' साहेबांनी ते मोठ्याने वाचलं आणि माझ्या बाबांना स्वतःची नोकरीची मुलाखत आठवली. बाबा हवालदार म्हणून निवृत्त झाले आणि चाकणच्या एका गाड्यांच्या कारखान्यात सिक्युरिटीची नोकरी मागायला गेले. एचआरमधल्या मुलीने अर्ज दोनदा वाचला.

"अडतिसाव्या वर्षी रिटायर? काका, खरं सांगा, सोडलीत की काढलं?"

"मॅडम, आमच्याकडे ड्युटीवर म्हातारं व्हायची परवानगी नसते. ते बाहेर येऊन व्हावं लागतं!"

नोकरी लागली. आज ते तिथेच सुपरवायझर आहेत, आणि परवानगी मिळूनही म्हातारे व्हायचं नाव नाही.

* * *

याच बाबांनी बँकेत केलेला पराक्रम वेगळाच. निवृत्तीच्या वेळी पेन्शनचा काही भाग सरकारला विकून एकरकमी पैसे घेता येतात. पंधरा वर्षांनी तो भाग पुन्हा सुरू होतो. बाबा हे साफ विसरले होते. एका महिन्यात पेन्शन वाढलेली दिसली, तसे ते शिफ्ट संपवून, युनिफॉर्मवरच बँकेत हजर!

"चुकून जास्त आलेत. परत घ्या."

काउंटरवरच्या मुलीने सगळं तपासलं. "काका, हे तुमचेच आहेत. आणि परत करायला आलेले तुम्ही पहिलेच!"

"मग तसं लिहून द्या," बाबा म्हणाले. "घरी ऑडिटर आलीय."

ऑडिटर म्हणजे मी!

* * *

चाकणजवळच्या खेड्यातले ज्ञानोबामामा फौजेत नायक हुद्द्यावर होते. त्यांच्या हयातीच्या दाखल्यासाठी आम्ही मोबाइलवरचं ॲप उघडलं. ते आधी चेहरा बघतं, मग माणसाने पापणी लववली की त्याला जिवंत मानतं.

"मामा, सरळ कॅमेऱ्याकडे बघा," मी म्हणाले. तिथेच चुकलं. मामा उठले, टाचा जुळवल्या, छाती पुढे, नजर समोर. आता पापणी कसली लवते!

"मामा, डोळे मिटा जरा."

"सावधानमधी न्हाई मिटत!"

पाच वेळा प्रयत्न केला. पाचही वेळा ॲपला समोर जिवंत माणूस सापडला नाही. शेवटी साहेब निवेदनातून डोकं वर न काढता गरजले, "नायक, विश्राम!"

पापणी लवली. ज्ञानोबामामा आणखी एका वर्षासाठी सरकारमान्य जिवंत झाले.

* * *

दुसऱ्या रविवारी साहेब अडले. "पोरी, जो पैसा अजून दिलाच नाही, तो आज खर्च कसा?"

मी वीस मिनिटं जीव तोडून समजावलं.

"लई भारी बोलली," ज्ञानोबामामा म्हणाले. "काय बोलली?"

तेव्हा बाबा पुढे सरसावले. "साहेब, आमच्या कंपनीत गाडी विकली की वॉरंटीचा अंदाजे खर्च त्याच वर्षीच्या हिशेबात धरतात. गाडी बिघडायची वाट बघत नाहीत. पेन्शनचंही तसंच करा म्हणतेय ती."

परदेशातली माझी दोन वर्षं तीन वाक्यांत संपली! पण साहेब भडकले.

"वॉरंटी बिघडणाऱ्या मालाला असते, हवालदार! मी काय बिघडलोय?"

चहा ओतत असलेल्या काकू, म्हणजे साहेबांच्या सौभाग्यवती, शांतपणे म्हणाल्या, "गुडघ्यांपासून सांगू की कानांपासून?"

* * *

तिसरा रविवार. दुसऱ्या दिवशी मुदत संपणार. साहेब शेवटच्या तक्त्यावर पोचले.

"हा कोण?"

"नमुन्याचा जवान, साहेब. एकोणिसाव्या वर्षी भरती, अडतिसाव्या वर्षी निवृत्त, अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी..." मी थांबले.

"अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी काय?"

"खातं बंद."

साहेब एक्याऐंशीचे!

"म्हंजी सायेब तीन वर्सं झाली फुकट चहा पित्यात!" ज्ञानोबामामा ओरडले आणि सगळी खोली हसली. साहेब सोडून. त्यांनी पेनाचं टोपण लावलं.

"साहेब, ही सरासरी आहे," मी घाईघाईने म्हणाले. "कुणी लवकर जातो, कुणी उशिरा. लवकर गेलेल्यांची उरलेली वर्षं उशिरा जाणाऱ्यांच्या कामी येतात. म्हणून हिशेब जुळतो."

साहेबांनी चष्मा काढला. "बावीस वर्षांचा गेला तर?"

"तर छप्पन्न उरतात."

"आमचा शिर्के बावीसचा होता," साहेब म्हणाले. "एकाच तंबूत होतो."

साहेबांनी चष्मा पुसला, पुन्हा घातला, आणि टोपण काढलं. मोकळ्या ओळीवर, कुठेही न अडखळता, एक आर्मी नंबर लिहिला. पुढे हुद्दा. पुढे शिर्क्यांचं पूर्ण नाव. मग त्याखाली स्वतःची लफ्फेदार सही ठोकली आणि कागद माझ्याकडे सरकवला.

मी मोजलं. "साहेब, सभासद अठ्ठावीस आहेत. नावं एकोणतीस झाली."

"मग? चार दिवसांनी सीनिअर होता तो मला. आधी त्याचं!"