फोटोवालीची जागा

एक्स-रेला आमच्याकडे सगळे फोटोच म्हणतात, म्हणून ती फोटोवाली. सरकारी दवाखान्याच्या फाटकासमोर एका डॉक्टरांचं खासगी सेंटर होतं, तिथं ती कामाला. "श्वास घ्या, धरून ठेवा, सोडा," हे ती इतक्या ठाम आवाजात सांगायची की रडणारी पोरंही मुकाट श्वास धरायची.

सरकारी दवाखान्यात एक्स-रे तंत्रज्ञाची एक जागा निघाली. परीक्षेत तिचा दुसरा नंबर आला. पहिला आलेला मुलगा परदेशी निघून गेला, रुजू झालाच नाही. म्हणजे प्रतीक्षा यादीत आता हीच पहिली. तिनं लगेच अर्ज दिला. खिडकीमागचा कारकून म्हणाला, "विचार चालू आहे." महिन्यांमागून महिने तोच विचार चालू राहिला. शेवटी तो म्हणाला, "यादीची मुदत संपत आली, बाई. पुढच्या भरतीला बसा."

"जागा रिकामी आहे ना?"

"आहे."

"यादीही अजून चालू आहे?"

"आहे तशी."

"मग पुढच्या भरतीला कशाला बसू?" असं म्हणून तिनं थेट एका वकीलबाईंचं ऑफिस गाठलं.

सासूबाई धास्तावल्या. "सरकारशी भांडायचं म्हणजे काय खेळ आहे? असलेलं कामही जायचं."

"काम कुठं जातंय, आई? माणसं पडणार, हाडं मोडणार."

ते खरंच होतं. दवाखान्यातल्या एक्स-रेच्या खोलीला कुलूप होतं. हात-पाय मोडलेली माणसं कण्हत रस्ता ओलांडायची आणि पदरचे पैसे भरून हिच्या टेबलावर आडवी व्हायची. सेंटरच्या डॉक्टरांना केसचं कळलं तेव्हा ते म्हणाले, "तू जिंकलीस तर माझं अर्धं गिऱ्हाईक गेलं."

"अर्धं कसलं, पाऊण."

डॉक्टर हसले. तारखेच्या दिवशी मात्र त्यांनी तिची सुट्टी कधी अडवली नाही.

कोर्टात सरकारी वकील म्हणाले, "यादीत नाव आलं म्हणून नोकरीचा हक्क मिळत नाही. शिवाय या पदाची आता निकड नाही. रुग्णांना बाहेरून फोटो काढून मिळतात."

"हक्क मिळत नाही, हे मान्य," वकीलबाई म्हणाल्या. "पण जागा रिकामी ठेवायला काही कारण तरी हवं."

न्यायाधीशांनी विचारलं, "बाहेरून म्हणजे कुठून?"

सरकारी वकील कागद चाळायला लागले. वकीलबाईंनी मागे वळून हिला खूण केली. ती उठून उभी राहिली. "समोरच्या सेंटरमधून, साहेब. ते फोटो मीच काढते."

मागच्या बाकांवर खसखस पिकली. न्यायाधीश हसले नाहीत. "मग निकड नाही असं कशाच्या जोरावर म्हणता?" त्यांनी सरकारी वकिलांना विचारलं.

निकाल तिच्या बाजूनं लागला. यादीतलं नाव म्हणजे नोकरीचा हक्क नव्हे, पण मुदतीत अर्ज आलेला असताना विनाकारण जागा अडवून ठेवता येणार नाही, असं कोर्टानं म्हटलं. मधल्या काळाचा पगार आणि ज्येष्ठता मात्र मिळाली नाही. वकीलबाईंनी विचारलं, "त्यासाठी वरच्या कोर्टात जायचं?"

"नको. आधी ती खोली उघडू दे."

खोली उघडली तेव्हा मशीनवर बोटभर धूळ होती आणि किरणांपासून बचावाचा शिशाचा एप्रन घडीवर तडकलेला होता. बाहेर बाकावर माणसं येऊन बसली होती. वरिष्ठ म्हणाले, "आजचा दिवस चालवून घ्या." तिनं सरळ नाही म्हणून सांगितलं. मशीनची तपासणी झाली, नवा एप्रन आला, मगच तिनं पहिल्या रुग्णाला आत बोलावलं. मनगट सुजलेली एक म्हातारी होती.

बुडालेल्या ज्येष्ठतेचं तिला अजूनही लागतं. तिच्यानंतर परीक्षा देऊन, केस चालू असतानाच दुसऱ्या दवाखान्यांत लागलेले दोघं आज कागदावर तिच्या पुढे आहेत. पण परवा वॉर्डातली नर्स तिच्याकडे आली. त्या नर्सची बहीण अशाच एका यादीत अडकली होती. नर्स म्हणाली, "थोडी वाट बघू म्हणतेय ती."

"मुदत कधीपर्यंत आहे?" फोटोवालीनं विचारलं. "संध्याकाळी घेऊन ये तिला. वकीलबाईंकडे मी सोबत येते."