पडीक म्हणे!

कलमवाल्या मावशींना हट्टी म्हणणारे खूप. म्हणोत बापडे. तीस वर्षं गुलाबाची कलमं बांधून त्यांनी तीन मुली शिकवल्या, नवऱ्याचं आजारपण काढलं, आणि गिऱ्हाइकाच्या गळ्यात मेलेलं रोप कधी मारलं नाही. दीड एकराच्या रोपवाटिकेत त्यांची चारशेवर आईझाडं होती, म्हणजे ज्यांच्यापासून कलमं करायची ती झाडं. त्यांच्या फांद्यांवरचे डोळे, म्हणजे फुटू पाहणारे कोंब, सालीसकट काढून मावशी रानगुलाबावर भरायच्या.

सरकारला त्या जमिनीवर मालमोटारींचा तळ करायचा होता. मोजणीची नोटीस आली तेव्हा जावेनं सांगून पाहिलं, या वर्षी छाटणी पंधरा दिवस पुढं ढकला. मावशी कसल्या ऐकतात! छाटणीचा दिवस नोटिशीला विचारून ठरत नाही, म्हणाल्या, आणि झाडं गुडघ्याएवढी छाटून, पान न् पान उतरवून मोकळ्या झाल्या. दुसऱ्याच दिवशी मोजणीदार हजर. त्याला दिसल्या काटक्यांच्या रांगा. हे काय आहे, असं त्यानं विचारलं होतं हो, पण मावशींचा पारा चढलेला. ज्याला झाड कळत नाही त्याच्याशी काय बोलायचं, म्हणून त्या पाठ फिरवून कात्रीला धार लावत बसल्या. पठ्ठ्यानं लिहिलं, ‘पडीक’.

इथंच तर घोडं पेंड खातं. चालती रोपवाटिका असेल तर आधी पलीकडच्या रिकाम्या माळाचा विचार करणं सरकारला भाग होतं. पडीक ठरली की जमीन सरळ घशात. धाकटा दीर स्वतःचा वाटा देऊन बसला होता, तो संमतीचा कागद घेऊन आला. सरकारपुढं कुणाचं चाललंय वहिनी, म्हणाला. मावशींनी त्याला चहा पाजला आणि कागद सही न करता परत दिला. मनातून मात्र त्या स्वतःवरच चिडल्या होत्या. मोजणीदाराशी दोन शब्द बोलले असते तर काय जीभ झिजली असती?

मुदत संपायच्या आत त्यांनी स्वतःच्या हातानं हरकत लिहिली. सुनावणीला अधिकारी म्हणाले, मोजणी एकदाच होते. मावशींनी फुललेल्या झाडांचे फोटो पुढं केले, तर म्हणे हे कुणाच्याही बागेतले असतील.

“म्हणूनच म्हणते, येऊन बघा,” मावशी म्हणाल्या. “यायचं नसेल तर बघायला येणार नाही असं लिहा आणि खाली सही करा.”

सही म्हटल्यावर साहेब जरा नरमले. तरी मावशी कचेरी बंद होईपर्यंत बाकावरून हलल्या नाहीत, तेव्हा कुठं फेरपाहणीची तारीख हातात पडली.

त्या तारखेला साहेबही आले, आणि मावशी मोजणीदाराबरोबर रांगेरांगेनं हिंडल्या. विचारलेलं सांगितलं, न विचारलेलंही सांगितलं. बिचारा घामाघूम झाला. चारशे अकरा झाडं भरली. अधिकाऱ्यांनी ‘पडीक’ खोडलं आणि म्हणाले, “बाई, आता माळाचा विचार होईल. पण वरून नकार आला तर ही जमीन जाऊही शकते.”

“तेव्हा कोर्टात भेटू,” मावशी म्हणाल्या. “पण पडीक होती म्हणून घेतली, असं आता कुणाला म्हणता येणार नाही. लिहा. चारशे अकरा झाडं, सगळी जिवंत. मालकीण हजर. संमती नाही.”

साहेबांनी लिहिलं. मावशींनी ते दोनदा वाचलं आणि मगच सही केली.