एझ्रांचा कद्दीश कोण म्हणणार

सकाळचे साडेआठ वाजले होते. अंबरनाथ पूर्वेच्या तिसऱ्या मजल्यावरच्या घरात मिलकाबाई आष्टमकर विळीवर नारळ खवत बसल्या होत्या. चाळणीत पोहे भिजून फुलले होते. वेलचीची पूड झाली होती, सबज्याचा पाला ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवला होता. त्यांच्या नवऱ्याला, एझ्रांना जाऊन आज बारा वर्षं पूर्ण होत होती, आणि संध्याकाळी त्यांच्या नावानं मलिद्याचं ताट प्रार्थनालयात न्यायचं होतं.

दारावर दोनदा थाप पडली. बेल असताना थाप मारणारा माणूस एकच, एझ्रांचा पुतण्या शिमशोन. दाराच्या चौकटीवरच्या मेजुजाला, पवित्र वचनाच्या डबीला, त्यानं बोटं लावली, ओठांना टेकवली आणि "काकी, बसत नाही" म्हणत खुर्चीत बसला.

"चहा?"

"अर्धा."

"तुझा अर्धा मला माहितीय. मोठा कप काढते."

एरवी तो हसला असता. आज त्यानं खिशातून कागद काढला, नुसता बघितला आणि परत ठेवला. प्रार्थनालयाचा सेक्रेटरी तोच होता.

"काकी, आठच होतायत. दानियल पुण्याला गेलाय. रूबेनभाऊंच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालंय, त्यांना जिना चढवत नाही. परवापासून फोन करतोय. दहा काही होत नाहीत."

मिलकाबाईंचा हात विळीवर थांबला. मेलेल्या माणसाच्या नावानं कद्दीश, म्हणजे देवाच्या स्तुतीची प्रार्थना, म्हणायचा तो दहा पुरुष हजर असले तरच, ही त्यांच्या लोकांची रीत. म्हणायचा मुलानं. एझ्रांना मुलगा नव्हता, म्हणून इतकी वर्षं शिमशोन म्हणत आला होता. कोकणातून येऊन इथं स्थिरावलेली बेने इस्राएल ज्यूंची घरं एकेक करत इस्राएलला गेली, आणि प्रार्थनालयाच्या ज्या अंगणात चपला ठेवायला जागा नसायची तिथं आता माणसं फोन करून बोलवावी लागत होती.

"बायका किती येतायत?" त्यांनी विचारलं.

"बायका काय, तुम्ही धरून बारा." बोलून गेल्यावर त्यालाच कसंतरी वाटलं. "ठाण्याला नाव कळवतो. तिकडच्या प्रार्थनेत काकांचं नाव घेतील. चालेल ना?"

"न चालवून काय करू?"

माणसं बोटानं मोजायची नसतात. दहा शब्दांचं एक वचन आहे, ते म्हणत एकेका डोक्यावर एकेक शब्द ठेवायचा. शेवटचा शब्द बसला की प्रार्थना सुरू. बायकांच्या बाजूला बसून मिलकाबाईंनी हे वचन मनातल्या मनात आयुष्यभर म्हटलं होतं. त्यांचे वडील हझान, प्रार्थना चालवणारे. मुलांना शिकवायचे तेव्हा दाराआड बसून ही पोर सगळं पाठ करायची. पुढे तीस वर्षं दर रविवारी त्यांनी याच घरात समाजातल्या मुलांना हिब्रू अक्षरं शिकवली. समोर बसलेला शिमशोनही त्यांतलाच, आणि सगळ्यांत ढ. त्यांनी वाचायला शिकवलेली मुलं तेरा वर्षांची झाली की दहांत धरली जात. त्यांना स्वतःला कधीच कोणी धरलं नाही, आणि त्यांनी कधी विचारलंही नाही.

विचारलं होतं ते नोमीनं, त्यांच्या एकुलत्या मुलीनं.

एझ्रांना पुरून आले त्या संध्याकाळी याच खोलीत वीसेक पुरुष होते. नोमी तेव्हा सव्वीसची. उठून पुढे गेली आणि तेव्हाच्या हझानांना म्हणाली, "बाबांचा कद्दीश मी म्हणते. मला येतो." तिला खरंच येत होता. शिकवणीच्या मुलांत बसून तीही शिकली होती. म्हातारे हझान नाही म्हणाले नाहीत. दाढीवरून हात फिरवत त्यांनी मिलकाबाईंकडे बघितलं. "बाई, तुमच्या घरातलं आहे. तुम्ही सांगा."

सगळी खोली त्यांच्याकडे बघत होती. ठाण्याच्या नणंदा बघत होत्या. पोरीचं लग्न व्हायचं होतं. मिलकाबाई म्हणाल्या, "नोमी, खाली बस."

मग शिमशोन उठला. मराठी अक्षरांत छापलेलं पुस्तक हातात घेऊन तो अडखळायला लागला. दुसऱ्याच ओळीत अडकला. आणि बायकांच्या बाजूनं, अगदी हळू, नोमीनं पुढचा शब्द सांगितला. मग त्याच्या पुढचा. अख्खा कद्दीश तिनं सांगितला आणि त्यानं म्हटला. आमेन पडलं ते त्याच्या म्हणण्यावर.

नोमी भांडली नाही, तेच वाईट झालं. दुखवट्याचे सात दिवस संपल्यावर ती पुन्हा प्रार्थनालयाची पायरी चढली नाही. वर्षभरात बदलापूरला भाड्यानं घर घेऊन राहायला गेली. शनिवार संपला की फोन करते, औषधं घेतलीस का विचारते. ज्या लग्नाच्या काळजीनं तिला खाली बसवलं, ते लग्न काही झालं नाही.

शिमशोननं कप खाली ठेवला. "काकी, एक सांगू? अजून दुसऱ्या ओळीला आलो की मी थांबतो. वाटतं, ती सांगेल."

तो गेला तेवढ्यात समोरची नीलिमा पेरू आणि गुलाबाची फुलं घेऊन आली. दर वर्षी ताटासाठी ती मंडईतून आणायची. मिलकाबाईंनी तिला सगळं सांगितलं. नीलिमा पेरू पुसत म्हणाली, "आमच्यात काय वेगळं आहे, काकू? माझ्या वडलांना अग्नी द्यायला एक चुलतभाऊ शोधून आणला. त्याला त्यांचं पूर्ण नाव माहीत नव्हतं. मी तिथंच उभी होते." मग तिनं विचारलं, "नोमीला कळवलंत?"

"तिला कुठल्या तोंडानं कळवू?"

"फोनवर नका कळवू मग. जा तिथं."

खोबरं, पोहे तसेच झाकून मिलकाबाईंनी साडी बदलली आणि शेअर रिक्षा पकडली. उल्हासनगर कॅम्प पाचच्या ज्या लॅबमध्ये नोमी नऊ वर्षं काम करत होती, तिथं त्या आज पहिल्यांदा जात होत्या.

काउंटरवरच्या भावनानं मान वर न करता विचारलं, "आंटी, ब्लड देना है? खाली पेट हो?"

"पोट भरलेलं आहे. मी नोमीची आई."

भावना उभी राहिली. "अरे, बैठो ना आंटी. नोमीदी, मम्मी आयी है!"

नोमी हातमोजे काढतच आतून आली. कानाजवळचे केस पांढरे झाले होते. ते आईला आज उजेडात दिसले.

"काय झालं? शुगर वाढली?"

"नाही गं. बाबांची तारीख आज."

"माहितीय. सकाळी दिवा लावला मी."

हे मिलकाबाईंना माहीत नव्हतं. त्या बाकावर बसल्या. नोमी उभीच राहिली.

"दहा होत नाहीयेत," त्या म्हणाल्या. "शिमशोन ठाण्याला नाव कळवतोय."

"मग झालं की. कळवू दे."

"बारा बायका आहेत."

नोमी हसली, पण ते हसू बरं नव्हतं. "आता कुठे कुठे बायकांनाही दहांत धरतात, आई. तुमच्याकडे नाही धरत. मला काय सांगतेस?"

"त्या दिवशी हझान नाही म्हणाले नव्हते. मला विचारलं त्यांनी. मीच म्हणाले." मिलकाबाईंनी पदराचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडलं. "कुठल्या पुस्तकात काय लिहिलंय ते माझ्या मनातही आलं नाही. नणंदा काय म्हणतील, तेवढंच आलं. बारा वर्षं तुला हे सांगायचं राहिलं."

आत कुठलंतरी मशीन टिकटिक करून थांबलं. नोमीनं टेबलावरची एक नळी उचलली, तिच्यावरचं नाव वाचलं, परत ठेवली.

"दहा नसताना कद्दीश म्हणायचा नाही, हे तूच शिकवलंस मला."

"शिकवलं. बाकीचंही मीच शिकवलं." त्या उठल्या, मुलीच्या समोर उभ्या राहिल्या. "संध्याकाळी घरी ये, नोमी. ताट प्रार्थनालयात नेत नाही मी. घरीच मांडते. बाबांचा कद्दीश तू म्हण. मोठ्यानं म्हण. मी आमेन म्हणेन."