पणाला लावलेली वेणी

“आधी चाखू, मग बोलू,” असं म्हणून त्या वेणी पाठीवरून पुढे घेत आणि मांडीवर गुंडाळून ठेवत. खाली सोडली तर ती खुर्चीच्या पायात अडकायची, एवढी लांब. मग मातीच्या वाटीतला घोट तोंडात घेऊन डोळे मिटत. डेट्रॉइटच्या एका मेक्सिकन खानावळीत बसलेली आम्ही दहा-बारा मराठी माणसं गप्प राहून त्यांच्या गळ्याकडे बघत बसायचो. घोट खाली उतरल्याशिवाय त्या बोलायच्या नाहीत.

त्यांचं नाव मी लिहीत नाही. डेट्रॉइटजवळच्या नोव्हाय आणि ट्रॉय या गावांतल्या मंडळींना ते ठाऊक आहे, इतरांचं त्यावाचून अडणार नाही. आम्ही त्यांना ताई म्हणायचो. माझं त्यांच्याशी भांडण आहे आणि ते अजून मिटलेलं नाही, हेही आधीच सांगून टाकतो. पुढे कुठे माझा आवाज चढला तर तुम्हाला नवल वाटायला नको.

ट्रॉयमध्ये माझं किराणा मालाचं दुकान आहे. इचलकरंजीहून आलो तेव्हा दुसऱ्याच्या गोदामात पोती उचलत होतो. आज गोदाम माझं आहे. ते मला कोणी बक्षीस दिलेलं नाही, घासाघीस करून मिळवलंय. ताई पहिल्यांदा आल्या त्या घाऊक चिंच आणि गूळ घ्यायला. मी भाव सांगितला, अर्थात चढा. समोरचा पाडून मागणार हे धरूनच माणूस भाव सांगतो. त्यांनी मुकाट्याने कार्ड पुढे केलं.

“ताई, काही बोलला नाहीत?”

“काय बोलायचं?”

“अहो, भाव जास्त सांगितलाय मी.”

“मग कमी सांगायचा होता ना जी,” असं म्हणून खोका उचलून त्या निघूनही गेल्या.

मला दिवसभर जेवण गोड लागलं नाही. भाव न करणाऱ्या गिऱ्हाइकासमोर दुकानदाराला आपण चोर असल्यासारखं वाटतं. तुम्ही धंदा केला असेल तर तुम्हाला हे पटेल.

त्या मूळच्या नागपूरच्या. इथे एका कंपनीत गाड्यांच्या ब्रेकचं सॉफ्टवेअर तपासायच्या. ले-ऑफ झाला तेव्हा आमच्याकडची बाकीची माणसं करतात तसं त्यांनीही रेझ्युमे पाठवणं वगैरे केलं. पण मधल्या काळात शेजारच्या मेक्सिकन बाईंकडून त्या स्पॅनिश शिकल्या, त्यांच्याबरोबर कुस्त्या बघायला जाऊ लागल्या, आणि एक दिवस आमच्या महाराष्ट्र मंडळाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर त्यांचा मेसेज आला: शनिवारी संध्याकाळी मेक्सिकन कुस्ती आणि तिकडची जुनी पेयं, न पिणाऱ्यांसाठी चिंचेचं पाणी, सोबत मी.

लोक हसले, आणि मग गेले. गेलेले पुन्हा गेले.

मी गेलो तो खोट काढायला. पहिल्यांदा आंबवलेल्या अननसाचं काहीतरी आलं, ते बरं होतं. मग पांढरट, बुळबुळीत असं एक पेय आलं. घायपातासारख्या झाडाचा रस. मी वाटीकडे संशयाने बघत होतो. ताई म्हणाल्या, “आपली नीरा कोणी उन्हात विसरलं तर काय होतं? तेच आहे. घाबरू नका.” शेवटी धुराचा वास असलेली दारू आली. “हुरड्याची आगटी आठवते? ती प्यायची आहे असं समजा. आणि ढोसू नका, ओठाला लावा. पाहुणी आहे ती.”

तेवढ्यात आमच्यातल्या एकाने मेन्यूवरच्या भलत्याच नावावर बोट ठेवलं. “ताई, हे कसं असतं?”

“माहीत नाही. मी प्यायले नाही अजून.”

“अंदाजे सांगा ना यार.”

“अंदाजे मेन्यू सांगेल. मला विचाराल तर चाखलेलंच सांगीन.”

तिथून चालत कुस्तीच्या हॉलवर. दुमडायच्या खुर्च्या, मधे दोरांचा आखाडा, पोराबाळांसकट आलेली कुटुंबं आणि मुखवटे घातलेले पैलवान. एक बाजू सभ्यांची, दुसरी दांडग्यांची. तीन डावांतले दोन जिंकेल तो खरा. ताईंचा नियम एकच होता, गप्प बसायचं नाही. “आईवरून शिवी नाही, बाकी नागपूर ते कोल्हापूर सगळं चालतं.” आमच्यात पुण्याच्या एक मावशी होत्या, लेकाकडे राहायला आलेल्या, एरवी मंडळात आरतीचं ताट धरणाऱ्या. त्या दुसऱ्याच डावात खुर्चीवर चढल्या आणि “अरे मुडद्या, मागे बघ की मागे!” असं त्यांनी एका जरीच्या मुखवट्याला सुनावलं. त्यानेही मागे बघितलं. त्यानंतर मावशींनी एकही शनिवार चुकवला नाही.

हे सगळं आधी ठरलेलं असतं, हे मी पहिल्याच दिवशी ओळखलं. कोण पडणार, कधी पडणार, सगळं. मला सौदा दुरून कळतो. ताईंना तसं म्हणालो तर त्या म्हणाल्या, “लग्नातही नवरा-नवरी ठरलेलीच असतात ना. तरी तुम्ही रडताच की नाही?”

त्यांची ती शेजारीण दिवसा बेकरीत काम करायची आणि शनिवारी आखाड्यात उतरायची. तिच्या कोपऱ्यात पाणी आणि टॉवेल घेऊन उभं राहणारी बाई गाव सोडून गेली, म्हणून ताई उभ्या राहू लागल्या. आधी आम्हाला पेयं पाजायची, आम्हाला खुर्च्यांवर बसवायचं आणि मग कंबर कसून दोरांपाशी जायचं. हॉलमधल्या लोकांनी त्यांचं नाव ‘त्रेन्सा’ ठेवलं. त्रेन्सा म्हणजे वेणी. त्या चालत आल्या की लहान मुली आपापल्या वेण्या वर धरून ओरडायच्या.

आणि एक दिवस हॉलच्या दारावर पोस्टर लागलं. त्यावर दोन पैलवान बाया, त्यातली एक ती बेकरीवाली, दोघींच्या मागे त्यांच्या कोपऱ्यातल्या दोघी, आणि मधोमध कात्री. त्यांच्यात ही जुनी रीत आहे. मुखवटा असलेला मुखवटा पणाला लावतो, नसलेला केस लावतो. कधी पैलवानाऐवजी त्याच्या कोपऱ्यातला माणूस लावतो. जो हरेल त्याचं डोकं तिथेच, आखाड्यात खुर्ची मांडून, सगळ्यांसमोर भादरतात. एका बाजूला दांडग्यांच्या कोपऱ्यातली लालभडक केसांची बाई. दुसऱ्या बाजूला आमच्या ताई.

मंडळात हाहाकार झाला. फोनवर फोन. कोणी म्हणालं डोकं फिरलंय, कोणी म्हणालं नोकरी गेल्याचा परिणाम. मावशी सरळ ताईंच्या घरी गेल्या. “अगं, सवाशीण बाई तू. केस कसले पणाला लावतेस? आजोबा गेल्यावर आमच्या आजीच्या केसांचं काय झालं होतं ते मी ऐकलंय हो.” ताईंनी त्यांना चहा दिला. ताईंचे यजमान, एक अबोल गृहस्थ, एवढंच म्हणाले, “मावशी, केस तिचे आहेत.”

तेव्हा मंडळींना धीर कोणी दिला? मी. मी प्रत्येकाला दुकानात थांबवून सांगितलं, “अहो, ठरलेलं असतं. एवढी वेणी असलेली बाई जिंकायचं ठरवल्याशिवाय उभी राहील का? जी गमवायची नाही ती वस्तू माणूस मांडतो, म्हणजे सौदा आधीच झालाय. मी शब्द देतो.” माझ्या शब्दावर पाच-सहा गाड्या भरून लोक यायला तयार झाले. मावशीसुद्धा.

पण मी पक्कं केल्याशिवाय सोडणारा माणूस नाही. आदल्या दिवशी हॉलच्या मालकाला गाठलं. काठी टेकत चालणारा म्हातारा, स्वतः कधीकाळचा पैलवान. मी म्हणालो, आमच्या ताई जिंकतायत ना? त्याने काठी भिंतीला टेकवून ठेवली. मग म्हणाला, “आधी तसंच ठरलं होतं. तिने येऊन बदलून घेतलं. दोन आठवडे माझ्या मागे लागली होती. मला हरायचंय म्हणाली.”

माझ्या कानांवर माझा विश्वास बसेना. भाव पाडून घेणारे मी खूप बघितलेत. स्वतःचं नुकसान मागून घेण्यासाठी हुज्जत घालणारं माणूस मी जन्मात बघितलं नव्हतं. आणि ती बाई, जिने माझ्याकडे कधी एका डॉलरची घासाघीस केली नाही!

मी तसाच नोव्हायला त्यांच्या घरी गेलो. त्या गराजमध्ये वाट्या पुसून खोक्यात भरत होत्या.

“ताई, हरायला चाललाय तुम्ही?”

त्यांनी वाटी खाली ठेवली. “म्हाताऱ्याच्या पोटात काही राहत नाही.”

“अहो, मी सगळ्यांना शब्द दिलाय!”

“मला विचारून दिला होता का?”

“पण का? कारण तरी सांगा. तुमचं काय अडलंय?”

“ओरडू नका जी, शेजारी झोपलेत.” त्यांनी खोका बाजूला सरकवला. मग म्हणाल्या, “दोन वर्षं मी लोकांना सांगतेय, इथे हरणं म्हणजे काय, ती खुर्ची म्हणजे काय. आणि सांगते कुठून? दोरांच्या बाहेरून. लोक माना डोलावतात. मला आतून लाज वाटते. बेकरीतली ती बाई आत दोनदा भादरून घेऊन आली. तिला विचारलं कसं वाटतं, तर म्हणाली, हे सांगता येत नाही.”

“म्हणून एवढे केस?”

“दुसरं काय आहे माझ्याकडे मांडायला? नोकरी तर आधीच गेली.” त्या हसल्या. मला हसू आलं नाही. “आणि भाऊ, हे कोणाला सांगायचं नाही. ठरवून हरले असं कळलं तर त्या हरण्याला काही अर्थ राहणार नाही. ना तिकडे, ना आपल्याकडे. शब्द द्या.”

मी रागाच्या भरात दिला. तो देताना बदल्यात काहीच मागितलं नाही. धंद्यात मी असा कधी फसलो नव्हतो.

दुसऱ्या दिवशी हॉल खचाखच भरला होता. पहिला डाव आमच्या बाजूने गेला. मंडळी माझ्या पाठीवर थाप मारत होती. दुसरा दांडग्यांनी मारला. तिसऱ्यात बेकरीवाली दोरावरून उडी मारून चुकली आणि आपटली. पंचाचा हात तीनदा जमिनीवर पडला. मला सगळं माहीत होतं. तरी मी उभा राहून “नाही! नाही!” असं ओरडत होतो, ते माझ्या शेजारच्याने मला नंतर सांगितलं.

आखाड्यात खुर्ची आणली. ताई स्वतःच चढून जाऊन बसल्या. न्हाव्याने आधी कात्री लावली, मानेपाशी. ती वेणी एका झटक्यात तुटली नाही, बराच वेळ कापावी लागली. त्या कात्रीचा आवाज माइकमधून ऐकू येत होता. लाल केसांच्या बाईने वेणी दोन्ही हातांनी वर धरली आणि मग ती खाली आणून छातीशी घेतली. दांडग्यांच्या बाजूची बाई ती, पण तिचा चेहरा रडवेला झाला होता.

मशीन सुरू झालं तेव्हा मावशींना राहवलं नाही. त्या वाट काढत पुढे धावल्या. “अरे, थांबवा रे! नवरा जिवंत आहे तिचा!”

ताईंचे यजमान त्यांच्या मागे गेले आणि त्यांनी त्यांचा दंड धरला. “मावशी, मी इथेच आहे.”

“अरे मग बघतोस काय?”

“बघायलाच आलोय.”

मावशी तिथेच खाली बसल्या. त्यांच्या पलीकडे एका मेक्सिकन आजीने काही न विचारता त्यांना आपल्या कुशीत घेतलं.

मशीन थांबलं. ताईंचे कान मी पहिल्यांदा बघितले. एवढेसे, पोरीसारखे. त्यांनी तळहात डोक्यावरून पुढून मागे फिरवला, मग मागून पुढे. डोळे मिटलेले होते. अख्खा हॉल उभा राहिला होता, आणि एरवी छतं उडवणारी ती माणसं आवाजही करत नव्हती. सगळ्यांनी टोप्या काढून हातात घेतल्या होत्या. आमचीच रांग तेवढी बसलेली. मी उभा राहिलो. का, ते विचारू नका.

परतीच्या वाटेवर माझ्या गाडीत कोणी बोललं नाही. पुढच्या आठवड्यापासून मात्र सगळे बोलायला लागले. “तुम्ही तर म्हणाला होतात ठरलंय म्हणून!” “शब्द दिला होतात हो.” “फसवलंत आम्हाला.” दुकानात येऊन, भाजी निवडता निवडता सुनावायचे. ज्या माणसाच्या शब्दावर उधारीचा माल मिळतो, त्याच्या शब्दाला गावात किंमत उरली नाही. एक वाक्य बोललो असतो तर सुटलो असतो. ते मला बोलता येत नव्हतं.

दिवाळीच्या कार्यक्रमाला ताई तसल्याच डोक्याने आल्या. लोक ताटात बघून जेवत होते. एका छोट्या मुलीने विचारलं, “कॅन आय टच इट?” ताई तिच्यासमोर वाकल्या. मुलीने हात फिरवला आणि आईला ओरडून सांगितलं, “इट्स सो सॉफ्ट!” मग मावशी उठल्या, जवळ गेल्या आणि त्यांनीही हात ठेवला. बराच वेळ ठेवला.

त्या हिवाळ्यात त्यांच्या यजमानांना टेक्ससमध्ये नोकरी लागली आणि दोघं गेली. आता शनिवारच्या फेऱ्या एक तरुण चालवतो. त्याला सगळी माहिती आहे, पेयांची नावं, पैलवानांचे इतिहास. मी एकदा गेलो होतो. त्याच्या तोंडून सगळं बरोबर येतं, तरी मला मधेच उठून बाहेर यावंसं वाटलं.

गेल्या वर्षी मी ताईंना फोन केला. “आता तरी सांगू का लोकांना? माझी अजून टिंगल होते.”

“नका ना सांगू, भाऊ.”

“मग मी काय आयुष्यभर खोटा ठरू?”

“हो,” त्या म्हणाल्या. आणि तिकडची हवा कशी आहे ते सांगू लागल्या. मी फोन आपटला.

मध्यंतरी त्यांनीच मंडळाच्या ग्रुपवर सगळं लिहून टाकलं. मला न विचारता. आता लोक येऊन म्हणतात, अहो तुम्ही बोलला का नाहीत? त्यांना काय उत्तर देऊ? माझ्या तोंडून ते निघायला हवं होतं. तेही त्यांनी मला करू दिलं नाही. म्हणून म्हणतो, भांडण आहे.

त्या शेवटच्या दिसल्या तेव्हा बर्फ पडत होता. गाडी सामानाने भरलेली, निरोप घ्यायला दुकानात आल्या होत्या. बाहेर पडल्या आणि पार्किंगमध्ये मधोमध थांबल्या. उघडं डोकं, चेहरा वर. बर्फाचे कण डोक्यावर पडत होते आणि वितळून कानांमागून खाली ओघळत होते.

“ताई, टोपी घाला! आजारी पडाल!” मी दारातून ओरडलो.

“थांबा ना जी,” त्या म्हणाल्या.

गाडीत त्यांचे यजमान इंजिन सुरू करून वाट बघत होते. दुकानातली सगळी ऊब बाहेर चालली होती, गल्ल्यावरची मुलगी “काका, दार!” म्हणून ओरडत होती. मी दार धरून उभा राहिलो.